टेनिसमधल्या आयटीएफच्या छोट्या स्पर्धांत नाव घालायचंय? गोव्यातल्या पालकांसाठी कागद आणि वेळा

संध्याकाळी मिरामारला गास्पर डायस क्लबच्या कोर्टांबाहेर थांबलं की कुणीतरी पालक विचारतोच, "एआयटीएच्या स्पर्धा खेळून झाल्या, आता आयटीएफला कसं उतरवायचं?" एआयटीए म्हणजे अखिल भारतीय टेनिस संघटना, आयटीएफ म्हणजे आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघ. मुलीचे अर्ज मीच भरतो. ठेचा खात जे शिकलो ते इथं लिहितो.

आधी आयटीएफच्या स्पर्धांच्या पायऱ्या. पुरुषांच्या एम-१५ आणि एम-२५, महिलांच्या डब्ल्यू-१५, ३५, ५०, ७५ आणि १००. हा आकडा म्हणजे विजेत्याला मिळणारे रँकिंगचे गुण, हे लक्षात ठेवलं की तक्ता पाठ करावा लागत नाही. एम-१५ च्या मेन ड्रॉमध्ये, म्हणजे मुख्य स्पर्धेत, पहिली फेरी जिंकली तर एटीपीचा, म्हणजे पुरुष व्यावसायिकांच्या जागतिक रँकिंगचा, एक गुण. क्वालिफाइंगमधून, म्हणजे पात्रता फेरीतून, घाम गाळून वर आलेला मुलगा पहिल्याच फेरीत हरला, तर एटीपीच्या यादीत त्याचं खातं उघडत नाही. मिळाले तर आयटीएफच्या वेगळ्या रँकिंगचे गुण.

वयाची अट सोपी आहे. या स्पर्धांना किमान १४ वर्षं पूर्ण हवीत. कमाल मर्यादा नाही. १८ च्या आतल्या मुलींना वर्षाला किती स्पर्धा खेळता येतील यावर वयानुसार बंधन आहे, ते नियमावलीत पाहून घ्या. ज्युनियर स्पर्धांत, म्हणजे जे-३० पासून वर, १३ व्या वाढदिवसापासून खेळता येतं.

कागदांत खरी गोम आहे. देशांतर्गत स्पर्धांसाठी एआयटीएचा नोंदणी क्रमांक लागतो. त्याला पंचायतीचा किंवा नगरपालिकेचा जन्मदाखला, फोटो, ओळखपत्र आणि शुल्क. आयटीएफसाठी लागतो आयपिन, म्हणजे खेळाडूचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक. तो आयटीएफच्या संकेतस्थळावर काढायचा, दरवर्षी शुल्क भरून चालू ठेवायचा. नाव आणि जन्मतारीख पासपोर्टवर आहे तशीच लिहायची.

आता आपल्याकडचा घोळ. देसाईला रोमन लिपीत एक एस की दोन? शेटचं स्पेलिंग एक्सनं की एसएचनं? जुन्या पोर्तुगीज वळणाचं स्पेलिंग आजोबांच्या कागदांवरून जन्मदाखल्यावर उतरतं आणि आधारवर भलतंच होतं. माझ्या मुलीच्या दाखल्यावर दोन एस, पासपोर्टवर एक. आम्ही घाईत दाखल्याप्रमाणे अर्ज भरला. दुरुस्तीच्या पत्रव्यवहारात पाच आठवडे गेले आणि तिची पहिली स्पर्धा हुकली. म्हणून आधी सगळे कागद टेबलावर शेजारी शेजारी मांडून एकेक अक्षर ताडून पाहा. कंटाळवाणं काम आहे, पण पाच आठवड्यांपेक्षा बरं.

घरात कुणी पोर्तुगीज पासपोर्टचा विचार करत असेल तर एवढं ध्यानात असू द्या: भारतात दुहेरी नागरिकत्व नाही, आणि भारताकडून खेळायला भारतीय पासपोर्टच लागतो. मुलाच्या बाबतीत हा निर्णय आयपिन काढण्याआधी झालेला बरा.

आयपिन मिळाला म्हणजे झालं असं नाही. मॅच फिक्सिंग आणि सट्टेबाजीविरुद्धचं ऑनलाइन प्रशिक्षण पूर्ण करावं लागतं. मुलांसोबत तुम्हीही बसा. अनोळखी माणूस मोबाइलवर "आज पायाला कसं आहे?" असं विचारतो तेव्हा त्याला काय हवं असतं, ते तिथं कळतं.

मग तारखा. स्पर्धेच्या आठवड्यातल्या सोमवारच्या १८ दिवस आधीचा गुरुवार ही नाव घालायची शेवटची तारीख. नाव मागं घ्यायची १३ दिवस आधीचा मंगळवार. समजा, स्पर्धेचा सोमवार २२ तारखेला आहे. मग नाव ४ पर्यंत घालायचं, काढायचं तर ९ पर्यंत. वेळ ग्रीनिचची दुपारी दोनची, म्हणजे आपल्याकडे संध्याकाळी साडेसात. रात्री जेवून निवांत बसू म्हणणाऱ्यांची नावं इथंच राहतात. मुदत टळल्यावर माघार घेतली तर दंड बसू शकतो.

प्रवेशाच्या यादीत आधी एटीपी किंवा डब्ल्यूटीए (महिलांचं जागतिक) रँकिंगवाले, मग आयटीएफवाले, राष्ट्रीय रँकिंगवाले त्यांच्या मागून. त्यामुळे एआयटीएच्या स्पर्धा सोडून देऊ नका. भारतात होणाऱ्या स्पर्धेच्या वाइल्ड कार्डसाठी, म्हणजे रँकिंग पुरेसं नसताना मिळणाऱ्या खास प्रवेशासाठी, एआयटीएकडे वेगळी विनंती करावी लागते, आणि तिथंही विचार होतो तो याच राष्ट्रीय रँकिंगचा.

क्वालिफाइंगचं साइन-इन, म्हणजे हजेरीची सही, आदल्या दिवशी होतं. नेमकी वेळ, जागा आणि चेंडूची कंपनीसुद्धा स्पर्धेच्या फॅक्ट शीटमध्ये, म्हणजे माहितीपत्रकात असते. मडगावहून रात्रीची गाडी धरून जाणार असाल तर त्या वेळेच्या निदान सहा तास आधी पोचेल अशीच धरा, आणि मूळ पासपोर्ट किटबॅगेत नव्हे, स्वतःच्या खिशात ठेवा.