कोळंबी वातड का होते?

मुंबई-गोव्याच्या हॉटेलांत मिळणारी बटर गार्लिक कोळंबी आता अनेक घरांत होऊ लागली आहे. साहित्य अगदी मोजके: कोळंबी, लोणी, लसूण आणि लिंबू. तरीही घरी केलेली कोळंबी पुष्कळदा वातड होते, लसूण कडवट लागतो आणि लोण्याला जळका वास येतो. याचे कारण बहुतेक वेळा क्रमात सापडते, कारण या तिन्ही पदार्थांना सोसणारी आच आणि लागणारा वेळ वेगवेगळा असतो आणि आपण मात्र ते एकदमच पॅनमध्ये टाकतो.

मटण जितके शिजवावे तितके मऊ होते, ही सवय आपण नकळत कोळंबीलाही लावतो. मटणाच्या स्नायूंना बांधून ठेवणारे कोलाजेन हे चिवट प्रथिन बराच वेळ उष्णता मिळाल्यावर जिलेटिनमध्ये बदलते, म्हणून तिथे कुकरच्या शिट्ट्या मोजाव्या लागतात. कोळंबीत असे चिवट जाळे विरघळवण्यासाठी थांबावे लागत नाही. साधारण ५० अंश सेल्सिअसच्या पुढे तिच्यातील मायोसिन या प्रथिनाची घडी मोडते, त्याचे रेणू एकमेकांत गुंततात आणि काचेसारखे दिसणारे मांस अंड्याच्या बलकाभोवतीच्या पांढऱ्यासारखे दुधाळ व घट्ट होते. त्यानंतर ६५ ते ७० अंशांच्या टप्प्यात अ‍ॅक्टिन हे दुसरे प्रथिनही गोठते, तंतू आक्रसतात आणि आतले पाणी पिळल्यासारखे बाहेर पडते. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने मासळी आतपर्यंत शिजल्याची खूण म्हणून ६३ अंश हे तापमान दिले आहे. म्हणजे नीट शिजणे आणि वातड होणे यांत जेमतेम काही अंशांचे अंतर आहे आणि कडक तापलेल्या पॅनमध्ये ते पाहता पाहता ओलांडले जाते.

मग आच मंद ठेवावी, असे वाटेल. पण तिथेही अडचण आहे. कोळंबीच्या शरीरात प्रथिने तोडणारी विकरे भरपूर असतात आणि ती ५५ ते ६० अंशांच्या दरम्यान सर्वांत वेगाने काम करतात. कोळंबी त्या तापमानात रेंगाळली, तर मांस पिठूळ होते. एकाच वेळी अर्धा किलो कोळंबी पॅनमध्ये ओतली की नेमके हेच घडते: पॅन थंड पडतो, पाणी सुटते आणि कोळंबी परतली न जाता त्या पाण्यात उकडत राहते. म्हणून ती आधी स्वच्छ कपड्याने टिपून कोरडी करावी आणि एका थरात मावेल एवढीच घालावी.

कोळंबी झाली की नाही, हे आपण रंगावरून ठरवतो. हा रंग येतो कुठून, ते पाहण्यासारखे आहे. कच्च्या कोळंबीत अ‍ॅस्टाझँथिन हे लालसर केशरी रंगद्रव्य आधीपासूनच असते. शेवाळात तयार होणारे हे द्रव्य तिला अन्नातून मिळते. जिवंत प्राण्यात ते क्रस्टासायनिन नावाच्या प्रथिनाला बांधलेले असते आणि त्या बंधनामुळे ते वेगळ्या लांबीच्या प्रकाशलहरी शोषते, त्यामुळे कवच निळसर करडे दिसते. लॉबस्टरमधील या प्रथिनाच्या मुख्य घटकाची रचना २००२ मध्ये मँचेस्टरच्या शास्त्रज्ञांच्या गटाने क्ष-किरणांच्या साहाय्याने उलगडली. उष्णतेने प्रथिन विस्कटते, रंगद्रव्य मोकळे होते आणि कोळंबी लाल होते. मात्र हा बदल मुख्यतः कवचात आणि त्याखालच्या पातळ थरात होतो, त्यामुळे बाहेरून लाल झालेली जाड कोळंबी आतून कच्ची असू शकते. डोके काढलेल्या बाजूचा जाड भाग पाहणे अधिक भरवशाचे आहे. तिथला काचेसारखा गाभा कडेकडून दुधाळ होत होत तांदळाच्या दाण्याएवढा उरला की कोळंबी ताटलीत काढावी. तो दाणा तिच्या अंगच्या उष्णतेने शिजतो. मध्यम आकाराच्या कोळंबीला यासाठी प्रत्येक बाजूने एक ते दीड मिनिट पुरते.

सोलून हळद-मीठ लावून ठेवण्याची आपली रीत इथे उपयोगी पडते. मिठाने काही प्रथिने विरघळतात आणि शिजताना पाणी धरून ठेवतात. पंधरा-वीस मिनिटे पुरेत. लिंबू किंवा आगळ मात्र आधी लावून ठेवू नये, कारण आम्लानेही प्रथिनांची घडी मोडते आणि कोळंबी आचेवर जाण्यापूर्वीच आवळते.

कोळंबी बाहेर काढल्यावर आच कमी करून लोणी घालावे. बाजारच्या बटरमध्ये किमान ८० टक्के स्निग्धांश असतो, उरलेल्यात मुख्यतः पाणी आणि थोडी दुधातील प्रथिने व साखर असते. लोणी चरचरते आणि फेसाळते ते त्या पाण्यामुळे, आणि पाणी आहे तोवर लोणी फारसे तापत नाही. चरचर थांबली की तापमान झपाट्याने वाढते आणि दुधातील घन अंश तांबूस होऊ लागतात. लोणी कढवताना तळाशी बसणारी बेरी ती हीच. खमंगपणा आणि करपणे यांच्यात इथे फार थोडा वेळ असतो, म्हणून कोळंबी परतायला चमचाभर तेल आणि चवीला नंतर लोणी, हा क्रम मला योग्य वाटतो.

लसणाची तयारी मात्र सर्वांत आधी करावी. अख्ख्या पाकळीला फारसा वास नसतो, कारण अ‍ॅलिईन हे द्रव्य आणि अ‍ॅलिनेज हे विकर पेशीच्या वेगवेगळ्या कप्प्यांत असतात. ठेचताच ते एकत्र येतात आणि कॅव्हॅलिटो व बेली या अमेरिकी संशोधकांनी १९४४ मध्ये वेगळे काढलेले अ‍ॅलिसिन तयार होते. उष्णतेने हे विकर निकामी होते, म्हणून लसूण ठेचून काही मिनिटे तसाच ठेवावा. फेसाळत्या लोण्यात अर्धा मिनिट परतला की अ‍ॅलिसिनचा तिखटपणा जाऊन सौम्य, गोडसर वासाची गंधकयुक्त द्रव्ये मागे राहतात. कडा सोनेरी दिसू लागताच कोळंबी परत घालून गॅस बंद करावा, कारण लसणातील साखर त्यापुढे चटकन करपते आणि कडवट होते. लिंबू आता पिळावे. त्याच्या आम्लाने मासळीच्या वासाला कारण असलेली अमाइने बांधली जातात आणि वास उतरतो.

सोललेली कवचे आणि डोकी टाकून देऊ नयेत. अ‍ॅस्टाझँथिन पाण्यात विरघळत नाही, स्निग्धांशात विरघळते. तीच कवचे आधी मंद आचेवर लोण्यात दहा मिनिटे परतून गाळून घेतली, तर लोणी केशरी होते, आणि लसूण परतायला त्याहून चांगले लोणी मला अजून मिळालेले नाही.