दिमित्री आंद्रुसोव आणि नाहीशा झालेल्या डोंगररांगेचे गोटे

स्लोव्हाकियातलं आधुनिक भूशास्त्र ज्यांच्यापासून सुरू झालं असं मानतात, ते दिमित्री आंद्रुसोव जन्माने स्लोव्हाक नव्हते. ७ नोव्हेंबर १८९७ रोजी ते युर्येव या गावी जन्मले. तेव्हा ते रशियन साम्राज्यात होतं; आज ते एस्टोनियातलं तार्तू. वडील निकोलाय आंद्रुसोव तिथल्या विद्यापीठात प्राध्यापक होते, काळ्या समुद्राभोवतीच्या गाळाच्या खडकांचे मोठे जाणकार. १८९० साली काळ्या समुद्राची खोली मोजायला निघालेल्या जहाजावर ते होते. तळाकडच्या पाण्यात प्राणवायू नाही, उलट ते हायड्रोजन सल्फाइडने भरलेलं आहे, हे याच मोहिमेत कळलं. आई नादेझ्दा ही हाइनरिश श्लीमान यांची मुलगी, म्हणजे ट्रॉय खणून काढणारे तेच श्लीमान. असं आजोळ लाभलेल्या मुलाने पुरातत्त्वाकडे न वळता वडिलांची वाट धरली. भाऊ लिओनिद रसायनशास्त्रात गेले. हायड्रोजन सायनाइड बनवण्याच्या एका औद्योगिक पद्धतीला आजही आंद्रुसोव हे नाव आहे.

क्रांती आणि यादवी युद्धात हे सगळं घर उखडलं गेलं. क्रिमियातून बाहेर पडून कुटुंब पॅरिसमार्गे प्रागला पोचलं. नव्याने जन्मलेल्या चेकोस्लोव्हाकियाचं सरकार त्या काळात रशियन निर्वासित विद्यार्थ्यांना आणि अध्यापकांना आश्रय व शिष्यवृत्त्या देत होतं. १९२४ मध्ये वडील प्रागमध्येच वारले. तिथल्या चार्ल्स विद्यापीठातून शिकून बाहेर पडलेल्या दिमित्रींनी संशोधनासाठी जो भाग निवडला, तो युरोपातल्या भूशास्त्रज्ञांना अर्धं शतक छळत असलेला होता.

हा भाग म्हणजे कार्पेथियन पर्वतांतला प्येनिनी कड्यांचा पट्टा. व्हिएन्नाच्या परिसरापासून स्लोव्हाकिया, पोलंड, युक्रेन असा तो थेट रोमानियापर्यंत जातो. लांबी सुमारे ६०० किलोमीटर, आणि रुंदी मात्र कुठे काहीशे मीटर, तर कुठे फार तर वीसेक किलोमीटर. मऊ मार्ल (चुनामिश्रित चिखलाचा खडक) आणि वालुकाश्माच्या उतरणींतून ज्युरासिक आणि त्यानंतरच्या क्रिटेशस काळातल्या, म्हणजे डायनोसॉरांच्या जमान्यातल्या, चुनखडकाचे टणक सुळके एकाएकी वर येतात. ओरावा नदीच्या पात्रापासून ११२ मीटर उंचीवर असलेला ओरावाचा किल्ला अशाच एका कड्यावर बांधलेला आहे. एका सुळक्यात उथळ समुद्रातला लाल गाठीदार चुनखडक असतो आणि शेजारच्याच सुळक्यात खोल समुद्रतळावर साचलेला, गारगोटीसारखा कठीण रेडिओलराइट, म्हणजे सूक्ष्म समुद्री जीवांच्या सांगाड्यांचा खडक. समुद्राच्या दोन वेगवेगळ्या खोल्यांवरचे खडक हाकेच्या अंतरावर आले कसे, हा खरा प्रश्न होता.

आंद्रुसोव यांच्या आधीही इथे बरेच लोक येऊन गेले होते. बेत्स्कोव्ह गावी १८२७ साली जन्मलेले द्योनीज श्टूर हे त्यांतले पहिले मोठे स्लोव्हाक नाव. व्हाह आणि नित्रा नद्यांच्या खोऱ्यांचा त्यांचा सर्वेक्षण अहवाल १८६० चा. पुढे व्हिएन्नातल्या शाही भूशास्त्रीय संस्थेचे ते १८८५ ते १८९२ या काळात संचालक होते, पण त्यांचा जीव खरा रमला तो कोळशातल्या वनस्पती-जीवाश्मांत. जीवाश्मतज्ज्ञ नॉयमायर यांनी १८७१ मध्ये प्येनिनीच्या कड्यांवर सविस्तर लिहिलं. १९०३ साली आंतरराष्ट्रीय भूशास्त्र परिषद व्हिएन्नात भरली. त्याच वर्षी स्विस भूशास्त्रज्ञ मोरिस ल्युजाँ यांनी तात्रा पर्वत आणि हे कडे दुरून सरकत येऊन एकमेकांवर चढलेल्या थरांचे असल्याचं मांडलं. त्या भागाचे सर्वांत अनुभवी अभ्यासक व्हिक्टर ऊलिश आधी हे मानत नव्हते. १९०७ मध्ये त्यांनीही ते मान्य केलं. आयुष्यभराच्या मताला असा उघड फाटा देणारी माणसं विज्ञानातही कमीच.

मोठं चित्र मिळालं, पण तपशील नव्हता. तो भरून काढणं हे आंद्रुसोव यांचं काम. कड्यांच्या पट्ट्यावरचा त्यांचा ग्रंथ फ्रेंचमध्ये आहे. पहिला भाग १९३१ चा आणि शेवटचा १९५५ चा. मधल्या काळात एक महायुद्ध झालं, एक देश मोडला, पुन्हा जोडला गेला आणि राज्यव्यवस्था बदलली. आंद्रुसोव तोवर ब्रातिस्लावात स्थिरावले होते. १९४० मध्ये तिथे सरकारी भूशास्त्रीय संस्था निघाली, तिचे पहिले संचालक तेच. गंमत म्हणजे ती संस्था आज श्टूर यांच्या नावाने ओळखली जाते. विद्यापीठात शिकवणं चालू होतंच. १९५८ ते १९६५ या काळात चेकोस्लोव्हाक कार्पेथियनच्या भूशास्त्रावरचे तीन खंड आले. १ एप्रिल १९७६ रोजी ब्रातिस्लावात त्यांचं निधन झालं.

त्यांच्या कामातला सगळ्यात धीट भाग मात्र गोट्यांचा. व्हाह खोऱ्यात ऊपोह्लाव गावाच्या नावाने ओळखला जाणारा पिंडाश्म (गोटे एकत्र घट्ट होऊन बनलेला खडक) आहे, क्रिटेशसच्या मध्यावरचा, साधारण दहा कोटी वर्षांपूर्वीचा. त्यात गोटे आहेत ग्रॅनाइटचे, जुन्या ज्वालामुखी खडकांचे, नाना तऱ्हेच्या चुनखडकांचे. त्यांतले बरेच आज आजूबाजूला कुठेही मूळ जागी सापडत नाहीत. गोटा गोल आहे, म्हणजे तो पाण्याने घासला गेला. मोठा आणि मुबलक आहे, म्हणजे फार लांबून आलेला नाही. मग तो ज्या डोंगरावरून आला, तो डोंगर गेला कुठे? आंद्रुसोव यांचं उत्तर असं की या समुद्रात एक रांग पाण्याबाहेर डोकं काढून उभी होती, ती झिजून गोटे झाली आणि उरलेली पुढच्या उलथापालथीत गाडली गेली. पोलिश भूशास्त्रज्ञ बिर्केनमायर यांनी १९८८ मध्ये या हरवलेल्या रांगेला आंद्रुसोव यांचंच नाव दिलं.

आपल्याकडे बहुतेक महाराष्ट्र लाव्ह्याच्या बेसाल्टवर बसलेला आहे. खडकातल्या जीवाश्मांवरून खडकाचं वय सांगायची रीत आपल्या ओळखीची होते ती चंद्रपूरकडच्या गोंडवन थरांसारख्या मोजक्या ठिकाणी. स्लोव्हाकियात ती रोजची. आणि तिला सूक्ष्मदर्शकाखाली नेण्याचं श्रेय पुढच्या पिढीतल्या मिलान मिशीक (१९२८–२०११) यांचं. चुनखडक ०.०३ मिलिमीटर इतका पातळ घासला की प्रकाश त्यातून आरपार जातो आणि आत केसाच्या जाडीच्या आसपासचे, फुलदाणीच्या आकाराचे कॅल्पिओनेलिड नावाचे सूक्ष्मजीवाश्म दिसू लागतात. ते दिसले की खडक ज्युरासिकच्या अखेरचा किंवा क्रिटेशसच्या आरंभीचा, हे ठरतं. अमोनाइटसारखे (शंखासारखे वेटोळे असलेले) मोठे जीवाश्म शोधत बसावं लागत नाही. पश्चिम कार्पेथियनमधल्या मेसोझोइक (ज्यात ज्युरासिक आणि क्रिटेशस येतात) आणि त्यानंतरच्या टर्शरी कालखंडातल्या चुनखडकांचा असा चित्रमय ग्रंथ मिशीक यांनी १९६६ मध्ये काढला. अश्मयुगीन माणसाची दगडी हत्यारं कोणत्या खडकाची, हेही ते अशाच कापांवरून सांगत.

१९८१ मध्ये मिलान सीकोरा यांच्यासह त्यांनी हीच पद्धत त्या परक्या गोट्यांना लावली. एकेक गोटा कापायचा, घासायचा, त्याचं वय आणि साचण्याची जागा ठरवायची, आणि असे गोटे क्रमाने लावत न उरलेल्या रांगेवरचे थर पुन्हा उभे करायचे. कार्पेथियनवर इतकं चिवट काम क्वचितच झालं असेल, असं मला वाटतं.

याच पट्ट्यातल्या वर्शात्येत्सच्या किल्ल्याखालच्या कड्यावर मात्र मिशीक यांचा निष्कर्ष टिकला नाही. १९७९ मध्ये त्यांनी तिथला प्रवाळी चुनखडक ज्युरासिकच्या उत्तरार्धातला, ऑक्सफर्डियन काळातला ठरवला होता. समुद्रतळ फाटून पडलेल्या आणि नंतरच्या गाळाने भरलेल्या भेगांचं वर्णनही त्यांनी केलं होतं. पुढच्या पिढीने त्याच भेगांतले जीवाश्म तपासले, तर ते ऑक्सफर्डियनहून जुने निघाले. भेग खडकाच्या आधीची असू शकत नाही, म्हणून चुनखडकाचं वय काही दशलक्ष वर्षं मागे, ज्युरासिकच्याच मधल्या भागातल्या बाजोशियन काळात गेलं.

आंद्रुसोव रांगेचंही तसंच झालं आहे. भूपट्टांची कल्पना रुजल्यावर गोट्यांत निळा शिस्ट सापडला, म्हणजे ग्लॉकोफेन या निळसर खनिजाचा पापुद्र्यांचा रूपांतरित खडक. तो एक भूपट्ट दुसऱ्याखाली खोल जातो तिथल्या प्रचंड दाबाखालीच तयार होतो, आणि साध्या समुद्री रांगेच्या चित्रात तो सहज बसत नाही. त्यामुळे काही स्लोव्हाक भूशास्त्रज्ञ आता म्हणतात की अशी वेगळी रांग मानायचं कारण नाही, गोटे दक्षिणेकडून, आतल्या कार्पेथियन भागातूनच आले असावेत. बाकीचे रांग मानतात, फक्त तिची जागा हलवतात. वाद मिटलेला नाही.