लिलावातलं वावर आणि ताब्याचं भांडण

खान्देशात कुणी कोर्टाच्या लिलावात वावर, म्हणजे शेत, घेतलं असं कळलं, की ऐकणारा किंमत नंतर विचारतो. आधी विचारतो, ताबा मिळाला का? हा प्रश्न दीडशे वर्षांहून जुना आहे.

पेशवाईत सावकार कर्जापायी पीक नाहीतर गुरं उचलायचा, पण कर्जासाठी जमीनच विकायला काढणं सहसा होत नसे. १८१८ मध्ये खान्देश इंग्रजांकडे गेला आणि पुढे मोजणी होऊन सारा ठरला. त्या मोजणीविरुद्ध १८५२ मध्ये सावदा, फैजपूर, एरंडोल भागात लोक उठलेही होते. सारा ठरलेली, खात्यावर नाव असलेली जमीन विकता येऊ लागली आणि तशीच गहाणही पडू लागली. १८५९ मध्ये दिवाणी प्रक्रियेची संहिता आणि मुदतीचा कायदा एकाच वर्षी आले. दावा लावायची मुदत कमी झाल्याने सावकार घाईघाईने कोर्टात जाऊ लागले. त्यातच अमेरिकेतल्या यादवीमुळे कापूस सोन्याच्या भावाने गेला. कपाशीच्या भरवशावर कर्ज निघालं, १८६५ नंतर भाव कोसळला आणि हुकूमनामे, म्हणजे कर्जवसुलीचे कोर्टाचे निकाल, मात्र उरले. १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांचा कर्जनिवारण कायदा सुरुवातीला पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर एवढ्याच जिल्ह्यांना लागू झाला. खान्देश त्या यादीत नव्हता.

लिलाव ही कोर्टातली गोष्ट आणि ताबा ही बांधावरची, हा दुवा पहिल्यापासूनच कच्चा राहिला. हुकूमनामा मिळाल्यावरच भारतातल्या पक्षकाराच्या अडचणी सुरू होतात, असं प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे लंडनमधल्या तेव्हाच्या सर्वोच्च अपील कोर्टाने, १८७२ मध्येच दरभंग्याच्या एका प्रकरणात म्हणून ठेवलं होतं.

आज चालते ती १९०८ ची दिवाणी संहिता, आणि तिच्यातली हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची ऑर्डर २१. हातोडा पडताच २५ टक्के रक्कम भरायची, बाकीची पंधरा दिवसांत. त्यानंतर कर्जदाराला साठ दिवस असतात. सावकाराचं येणं अधिक खरेदीदारासाठी विक्रीच्या रकमेवर पाच टक्के त्याने भरले, की लिलाव रद्द. तसं झालं नाही आणि फसवणुकीची किंवा गंभीर अनियमिततेची हरकतही टिकली नाही, तर विक्री कायम होते आणि खरेदीदाराला विक्रीचा दाखला मिळतो. इथून पुढे वाटा दोन. वावर कर्जदाराच्या किंवा त्याच्या माणसांच्या ताब्यात असेल, तर नियम ९५ प्रमाणे त्यांना बाहेर काढून ताबा देता येतो. कुळ किंवा दुसरा हक्काचा वहिवाटदार असेल, तर नियम ९६. म्हणजे दाखल्याची प्रत जागेवर चिकटवायची आणि दवंडी पिटायची. कोर्टाचा बेलिफ येतो, बांधावर डफडं वाजतं, दोन पंच सही करतात, ताबा पावती होते. सगळे चहा पिऊन निघाले की ज्याची तूर उभी आहे तो तिला पाणी द्यायला परत जातो. माझ्या मते लिलावाच्या निम्म्या भांडणांचं मूळ या डफड्यात आहे. खरेदीदाराला वाटतं ताबा मिळाला, गावाला वाटतं काहीच झालं नाही.

खान्देशी खटल्यात आणखी एक गाठ हमखास असते, ती भाऊबंदकीची. कर्ज एका भावाचं, वावर अविभक्त. लिलावात त्याचा हिस्सा विकला जातो, पण हिस्सा म्हणजे बांध घातलेला तुकडा नव्हे. घेणाऱ्याला थेट ताबा मागता येत नाही, वाटपाचा दावा लावावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने १९६० च्या दशकात हे पुन्हा स्पष्ट केलं. 'लिलावमा लिधं, ताबा मातर भेटना नही' हे अहिराणी गाऱ्हाणं बहुतेक अशाच वावराचं असतं.

पूर्वी ताबा अडवणाऱ्याची हरकत कोर्ट वरवर तपासायचं आणि हरलेला पुन्हा वेगळा दावा लावायचा. एका वावरापायी दोन पिढ्या तारखा. १९७६ च्या दुरुस्तीने हे बदललं. हरकत, मालकी, ताबा सगळं त्याच दरखास्तीत, म्हणजे हुकूमनामा बजावण्याच्या कामात, ठरवायचं आणि त्या निकालाला हुकूमनाम्याचा दर्जा. लिलावातला खरेदीदारही मूळ दाव्याचा पक्षकार मानला गेला. मात्र ताब्याचा अर्ज विक्री कायम झाल्यापासून एका वर्षात करावा लागतो. दाखला हाती आला म्हणून निवांत बसलेले इथेच घसरतात.

शेतजमिनीला कायद्याची आणखी कुंपणं आहेत. १९४८ च्या कूळकायद्याचं कलम ६३ कोर्टाच्या लिलावालाही लागतं, त्यामुळे बिगरशेतकऱ्याने बोली लावली तर पुढे अडचण ठरलेली. नंदुरबारकडच्या शहादा, तळोदा, अक्कलकुवा पट्ट्यात तर आदिवासीची जमीन सरकारी परवानगीशिवाय लिलावातही बिगरआदिवासीकडे जात नाही. सत्तरच्या दशकात शहाद्याच्या भागात आदिवासींच्या हातून गेलेल्या जमिनींवरून मोठा लढा झाला, आणि जमिनी परत देण्याचा १९७४ चा कायदाही आला.

आणि तलाठ्याकडचा कागद? जुना हस्तलिखित सातबारा काढून बघा. वर सातच्या नमुन्यात फेरफाराने खरेदीदाराचं नाव लागलेलं, खाली बारात 'जमीन करणाराचे नाव' या रकान्यात वर्षानुवर्षं तोच जुना कर्जदार, आणि पीक कपाशी.