पाव कडक होतो, बिस्किट सादळतं: बिस्कोत्ती दोनदा का भाजायची?

रात्रभर ओट्यावर उघडा राहिलेला पाव सकाळी कडक होतो आणि शेजारची बिस्किटं मऊ पडतात. हवा तीच, रात्र तीच. ‘पाव वाळला’ असं आपण म्हणतो, पण ते अर्धंच खरं. हवाबंद पिशवीतला पावही घट्ट होतो, कारण त्यातल्या स्टार्चचे रेणू पुन्हा रांगा धरू लागतात. फ्रिजमध्ये तर हे जास्तच वेगानं घडतं. बिस्किटाचं गणित निराळं आहे आणि ते शिकायला बिस्कोत्तीसारखा गुरू नाही.

बिस्कोत्ती हे इटालियन बिस्किट; नावाचा अर्थच ‘दोनदा भाजलेलं’. इटलीच्या टस्कनी प्रांतातल्या प्रातो शहरात त्यांना कांतुच्ची म्हणतात. तिथली आंतोनियो मात्तेई यांची १८५८ सालची बेकरी प्रसिद्ध आहे. मैदा, साखर, अंडी आणि सालासकट बदाम, लोणी नाही. चॉकलेट ही नंतरची भर. पिठाची लांबट वळी १८० अंशांवर पंचवीसेक मिनिटं भाजायची, दहा मिनिटं निववायची, तिरके काप करायचे आणि ते १५० अंशांवर पुन्हा भाजायचे. आपल्या बेकऱ्यांमधला टोस्टही असाच दोनदा भट्टीत जातो.

दुसऱ्या भाजण्यात नेमकं काय होतं, हा माझा अत्यंत आवडता भाग. साखरेचा पाक झटकन थंड केला की रेणूंना स्फटिक रचायला सवड मिळत नाही. ते असतील तिथेच थिजतात. ही काच. लिमलेटची गोळी म्हणजे साखरेची काच. कोरडी असेल तर ती साधारण ६० ते ७० अंशांपर्यंत काच राहते. पण पाण्याचे चिमुकले रेणू मधे घुसले की मोठ्या रेणूंना हालचालीला जागा मिळते आणि ही मर्यादा खाली घसरते. तीन-चार टक्के पाणी शिरलं तरी ती खोलीच्या तापमानाजवळ येते. म्हणून पावसाळ्यात गोळी चिकट होते. बिस्कोत्तीत साखर, स्टार्च आणि प्रथिनं मिळून अशीच काच बनते. कोरडी असताना ती कडकन मोडते, ओलसर झाली की चिवट रबरासारखी वाकते. आपण ज्याला सादळणं म्हणतो ते हेच: काचेचं रबर होणं.

मग वळी एकदाच जास्त वेळ का भाजू नये? पाणी आतून बाहेर झिरपायला लागणारा वेळ जाडीच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. जाडी निम्मी केली तर वेळ चौथाईवर येतो. अख्खी वळी आतून सुकेपर्यंत बाहेरून करपेल. शिवाय आत भरपूर पाणी आहे तोवर तिथलं तापमान १०० अंशांपलीकडे फारसं जात नाही, त्यामुळे तांबूस रंग आणि खमंगपणा आणणारी माइलार्ड अभिक्रिया तिथे रेंगाळते. काप केले की कापलेल्या बाजू पटकन सुकतात आणि मगच रंग धरतात.

बदामात निम्मा भाग तेल आणि पाणी अगदी थोडं, चॉकलेटमध्ये तर नावालाच; म्हणून दोन्ही या काचेला धक्का लावत नाहीत. ओलसर बेदाणे मात्र लावतात. चॉकलेट पिठात घातलं तर भट्टीत त्यातलं कोको बटर, म्हणजे कोकोची चरबी, पूर्ण वितळतं आणि थंड होताना हवे ते स्फटिक धरत नाही. चकाकी हवी असेल तर काप निवल्यावर नीट टेम्पर केलेल्या, म्हणजे हवे ते स्फटिक धरतील अशा बेतानं वितळवून निववलेल्या, चॉकलेटमध्ये बुडवा.

‘एकही प्रिझर्वेटिव्ह नाही’ असं ठळक छापून बिस्कोत्ती महाग विकणं मला पटत नाही. पदार्थातलं पाणी जंतूंना किती मोकळं मिळतं, हे ० ते १ या मापात मोजतात. ०.६ च्या खाली कुठलीही बुरशी किंवा जीवाणू वाढत नाही. चांगली सुकलेली बिस्कोत्ती त्याच्या खूप खाली असते. तिला मुळात प्रिझर्वेटिव्ह लागतच नाही. भीती असते ती बदामाचं तेल खवट होण्याची.

काप पूर्ण गार झाल्यावरच डब्यात भरा, नाहीतर त्यांचीच वाफ त्यांना सादळवते. सादळलेच, तर १५० अंशांवर आठ-दहा मिनिटं ठेवून गार करा; पाणी उडतं, काच परत येते. टस्कनीत मात्र जेवणानंतर ही काच मुद्दाम मोडतात. कांतुच्ची विन सांतो या गोड वाइनमध्ये बुडवतात, आपण टोस्ट चहात बुडवतो तशी.