चूलबंद आवतन

वऱ्हाडात तेरवी-बारशाचं आवतन दोन तऱ्हेचं असतं. ‘घरटी एक’ म्हटलं की घरातल्या एकानं यायचं. ‘चूलबंद’ म्हटलं की त्या दिवशी घरात चूल पेटवायचीच नाही. सांगणारा फाटकातूनच ओरडतो, ‘‘चूलबंद हाये जी, सारेच्या सारे या जेवाले!’’

या ‘सारे’मध्ये कोण कोण, हा मात्र जुना प्रश्न. पूर्वी आवतन जातीच्या चुली मोजून जायचं. गावकुसाबाहेरच्यांच्या वाट्याला यायचं ते पंगत उठल्यावरचं उरलंसुरलं. शेगावात २३ फेब्रुवारी १८७८ रोजी गजानन महाराज पहिल्यांदा दिसले तेही उष्ट्या पत्रावळींवरची शितं वेचताना, असं भक्त सांगतात.

पंगतीला खरा धक्का दिला गाडगेबाबांनी. १८७६ साली अमरावती जिल्ह्यातल्या शेणगावात जन्मलेल्या या माणसानं मुलीच्या बारशाला भाऊबंदांना मटण-दारूऐवजी गोडाचं जेवण घातलं. कर्ज काढून जात जेवू घालायची रीत त्यांना आतून ठाऊक होती. १९०५ मध्ये घर सोडल्यावर त्यांनी पाहुणपणाचा क्रमच उलटा केला: गावात शिरताच आधी झाडू, मग भाकर, तीही हातातल्या गाडग्यात. पुढं तुकडोजी महाराजांनी मोझरीच्या गुरुकुंजातून तोच धागा खंजिरीवर धरला. १९५५ च्या ‘ग्रामगीते’त लग्नातल्या उधळपट्टीवर त्यांनी चांगलेच कोरडे ओढलेत. आज गावोगावच्या पुण्यतिथीला काल्याचं कीर्तन संपलं की महाप्रसादाची पंगत जात न विचारता बसते.

अशा पंगतीला रोडगेच हवेत. कणकेच्या लहान पाऱ्या एकात एक गुंडाळून गोळा करायचा आणि गोवऱ्यांच्या आरात पुरायचा. भाजला की राख झटकायची, पोत्यात घोळायचा, हातानं फोडून वर तूप. सोबत वरण आणि तर्रीदार वांग्याची भाजी. हे सगळं बाप्येच करतात, आणि वर्षभर घरात पाण्याचा तांब्याही स्वतः न घेणारे त्या दिवशी धुरात डोळे चोळत असतात. बुफे आला तरी रोडग्यांची पंगत मोडली नाही. गरम रोडगा उभ्यानं फोडायला जमत नाही, हेही त्याचं एक कारण असावं.

बायांची पंगत मात्र अजून शेवटीच बसते. तोवर आर विझलेला असतो आणि भाजीत वांग्यापेक्षा रस्साच जास्त उरलेला असतो.