पेंग्विन शांत बसलाय, पण त्याचे ठोके कोणी मोजलेत?

मागच्या महिन्यात माझी एक मैत्रीण अर्जेंटिनाला जाऊन आली. पाटागोनियाच्या अटलांटिक किनाऱ्यावर पुंता तोंबो नावाची जागा आहे, तिथे मॅगेलॅनिक पेंग्विनची प्रचंड मोठी वसाहत आहे, एक लाखाहून जास्त जोड्या, आणि आखून दिलेल्या पायवाटेवरून गाईडबरोबर चालत तुम्ही पक्ष्याच्या अगदी दोन हातांवर जाऊ शकता. तिने फोटो पाठवले, एक व्हिडिओ पाठवला आणि खाली लिहिलं, "यांना माणसांची इतकी सवय झालीये की ढुंकूनही बघत नाहीत!"

फोटो सुंदर होते, वाद नाही. पण त्या वाक्याने माझं डोकं फिरलं, कारण ते वाक्य मी शंभर वेळा ऐकलंय. पक्षी उडाला नाही, पळाला नाही, ओरडला नाही म्हणजे त्याला काही फरक पडत नाही, असं आपण सगळेच धरून चालतो. टूरवाले तर हे जाहिरातीतच छापतात. आणि काही लोक त्याच्याही पुढे जातात, म्हणे आपली एनर्जी पॉझिटिव्ह असली की पक्ष्यांना ते कळतं आणि ते आपल्याला जवळ येऊ देतात. अरे बाबा, तो अंड्यावर बसलाय. तो जाणार कुठे?

न उडण्याचं कारण साधं आहे. समुद्रपक्ष्यांच्या वसाहतीत कुरव, म्हणजे आपण ज्यांना सीगल म्हणतो ते, कायम घिरट्या घालत असतात. अंडं उघडं पडलं की काही सेकंदात गायब. गिलेमॉटसारखा पक्षी तर कड्याच्या नुसत्या खडकावर, घरटं-बिरटं काही नाही, एकच अंडं घालतो. एका चौरस मीटरमध्ये वीस-वीस पक्षी खेटून उभे असतात, आणि ती गर्दी हेच त्यांचं संरक्षण. एखादी बोट जोरात आली आणि सगळे एकदम उडाले तर काही अंडी खाली समुद्रात जातात, काही कुरवांच्या पोटात. त्यामुळे बसून राहणं हा तिथे शांतपणा नसतो, हिशोब असतो, की उठलो तर अंडं नक्की जाईल, बसलो तर कदाचित दोघं वाचू.

मग आत काय चाललंय ते कळणार कसं? पक्ष्याला पकडून छातीला तारा लावल्या तर पकडण्यानेच त्याचे ठोके वाढणार, मग मोजलं काय? यावर शास्त्रज्ञांनी जी युक्ती काढली ती मला इतकी आवडते की पुढचा बराचसा लेख तिच्यावरच जाणार आहे, आधीच सांगून ठेवतो.

अंडी उबवायच्या काळात बहुतेक पक्ष्यांच्या पोटावर एका जागची पिसं जातात आणि उघडी कातडी अंड्याला टेकते. त्या कातडीखाली रक्तवाहिन्यांचं दाट जाळं तयार होतं, गरम पाण्याच्या पिशवीसारखं. पेंग्विनलाही अशी जागा असते. (गॅनेट नावाच्या मोठ्या पांढऱ्या समुद्रपक्ष्याला मात्र ती नसते, तो अंड्यावर स्वतःचे पडदे असलेले पाय ठेवून अंडं उबवतो, अक्षरशः अंड्यावर उभा राहिल्यासारखा. पायांनी ऊब देणं ही कल्पनाच मजेशीर आहे, पण तो विषय वेगळा.) तर मुद्दा असा की दिवसाचे कितीतरी तास एक रक्ताने भरलेली उघडी कातडी एका गोल वस्तूला चिकटून असते. मग त्या गोल वस्तूच्या जागी खोटं अंडं ठेवलं तर?

तेच केलं. खरं अंडं तेवढ्यापुरतं काढून ऊबदार जागी सांभाळायचं आणि त्याच आकाराचं नकली अंडं खाली सरकवायचं. त्यात सेन्सर. कोविडच्या काळात घरोघरी बोटाला लावायचा ऑक्सिमीटर आला होता तो आठवतो? एका बाजूने प्रकाश सोडायचा, प्रत्येक ठोक्याबरोबर रक्त वाढतं-कमी होतं तसा पलीकडे पोचणारा किंवा परत येणारा प्रकाश बदलतो, ते चढ-उतार मोजले की झाले ठोके. नकली अंड्यातला इन्फ्रारेड सेन्सर हेच करतो, फक्त बोटाऐवजी पेंग्विनचं पोट. काही अंड्यांत प्रकाशाऐवजी नाजूक मायक्रोफोन असतो, तो सरळ धडधड ऐकतो. पक्ष्याला काही चिकटवलेलं नाही, टोचलेलं नाही, तो बिचारा मन लावून एक इलेक्ट्रॉनिक उपकरण उबवत बसलेला असतो.

आणि या अंड्यांनी जे सांगितलं ते एकसारखं नाही, हीच गंमत आहे. अंटार्क्टिकाकडच्या जेंटू पेंग्विनवर १९९० च्या दशकात असं काम झालं तेव्हा दिसलं की माणूस सावकाश, जपून जवळ गेला तर ठोक्यांत विशेष फरक पडत नाही. म्हणजे टूरवाले जिंकले? थांबा. चिलीच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर हम्बोल्ट पेंग्विनवर हीच पद्धत वापरली, तर तिथे माणूस १५० मीटर अंतरावरून नुसता निघून गेला तरी ठोके वाढले, आणि जवळ गेलं तर परत जागेवर यायला अर्धा तासापर्यंत वेळ लागला. १५० मीटर! एवढ्या अंतरावरून तुम्हाला तो पेंग्विन दगड आहे की पक्षी हेही धड कळणार नाही, आणि त्याच्या छातीत मात्र ढोल वाजतोय. दोघंही पेंग्विन, दोघंही बाहेरून शांत.

बरं, ठोके वाढले तर वाढले, बिघडलं काय, असं कोणीतरी विचारणारच. इथे थोडं गणित आहे, कंटाळा आला तर एक परिच्छेद सोडा, पण सोडू नका. आडॉल्फ फिक नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने १८७० मध्ये एक साधं समीकरण मांडलं. शरीर मिनिटाला जेवढा ऑक्सिजन वापरतं तो बरोबर मिनिटातले ठोके, गुणिले एका ठोक्याला बाहेर पडणारं रक्त, गुणिले जाणाऱ्या आणि परत येणाऱ्या रक्तातल्या ऑक्सिजनचा फरक. शेवटचे दोन आकडे फार हलत नाहीत असं धरलं (हे धरणं नेहमी बरोबर नसतं, घाबरलेल्या पक्ष्यात तर कमीच, पण अंदाजाला चालतं) तर ठोके म्हणजे जवळजवळ खर्चाचा मीटर. ऑक्सिजन किती, म्हणजे चरबी किती जळली. आता समजा, आकडे माझे आहेत, फक्त हिशोब कळावा म्हणून, एका पक्ष्याचे बसलेले ठोके ८० आहेत आणि एक ग्रुप येऊन गेला की पुढचा अर्धा तास सरासरी १२० राहतात. जादा ठोके झाले ४० गुणिले ३०, म्हणजे १२००. ८० ने भागा, १५ मिनिटं. म्हणजे एका ग्रुपने त्याच्याकडून १५ मिनिटांचं जगणं जास्तीचं वसूल केलं. दिवसात असे १० ग्रुप आले तर अडीच तास. म्हणजे त्याचा दिवस २४ चा नाही, साडेसव्वीस तासांचा झाला.

ज्याला समुद्रात जाऊन खाता येतं त्याला हे परवडेल. पण अंड्यावर बसलेला पेंग्विन उपाशी असतो. अ‍ॅडेली पेंग्विनचा नर किनाऱ्यावर आल्यापासून जोडी जमवणं, दगडांचं घरटं, अंडी आणि पहिली पाळी संपेपर्यंत महिन्याभराच्या वर काही खात नाही, साठवलेल्या चरबीवर असतो. वरच्या हिशोबाने ३५ दिवस पुरणारी चरबी ३२ दिवसांत संपेल. आणि मादी ३४ व्या दिवशी परत आली तर? चरबी संपत आली की नर अंडं सोडून समुद्राकडे जातो, त्याला दुसरा पर्यायच नसतो. कुठल्याच टुरिस्टने अंड्याला हात लावला नाही, कोणी नियम मोडला नाही, कोणाच्या फोटोत काही वाईट दिसलं नाही, आणि अंडं गेलं.

ठोक्यांची गडबड ही पहिली पायरी, ती सेकंदात होते, सरळ मज्जातंतूंच्या हुकुमाने. दुसरी पायरी हळू आहे. मेंदूतून पिट्युटरी ग्रंथीला निरोप, तिथून अ‍ॅड्रिनल ग्रंथीला, आणि मग रक्तात कॉर्टिकोस्टेरॉन नावाचं हार्मोन चढतं, आपल्यातल्या कॉर्टिसॉलचा पक्ष्यांमधला भाऊ. याला काही मिनिटं लागतात, म्हणून संशोधक पक्षी पकडला की साधारण ३ मिनिटांच्या आत रक्त घ्यायची धडपड करतात, नाहीतर रक्तात पकडण्याचीच भीती मोजली जाते. आणि अजून एक गुंता सांगून टाकतो. जमिनीवर घरटं करणारे काही पक्षी धोका जवळ आला की निपचित पडतात आणि त्यांचे ठोके उलट *कमी* होतात. म्हणजे ठोके वाढले तरी भीती, कमी झाले तरी भीती असू शकते. त्यामुळे एका आकड्यावरून निकाल देणारे लोक, मग ते टूरवाले असोत की टूरविरोधी, दोघांकडेही जरा संशयाने बघावं.

आता पुंता तोंबोकडे परत. तिथे १९८२ पासून डी बोर्स्मा या अमेरिकन पेंग्विन-संशोधिकेच्या टीमचं काम चालू आहे, आणि माझी मैत्रीण अर्धी बरोबर आहे हे त्यांनीच दाखवलंय. ज्या पेंग्विननी माणसं फारशी पाहिलेली नाहीत त्यांच्याकडे काही दिवस नेमाने गेलं की त्यांची अस्वस्थ हालचालही कमी होते आणि कॉर्टिकोस्टेरॉनही. मोठ्यांना खरंच सवय होते. पण पिल्लांची गोष्ट वेगळी निघाली. टुरिस्ट येतात त्या भागात नुकतंच अंड्यातून आलेलं पिल्लू हातात धरलं की त्याचं हार्मोन शांत भागातल्या पिल्लापेक्षा जास्त चढत होतं, मोठं होईतो हा फरक गेला. आईबाप निवांत आणि काही दिवसांचं पिल्लू जास्त भेदरट, असं चित्र.

"सवय झाली" या शब्दात अजून एक फसगत असते. पायवाटेच्या कडेला आज धीट पक्षी दिसतात, ते धीट *झाले* की भित्रे तिथून निघून गेले आणि धीट तेवढे *उरले*, हे एका दिवसाच्या टूरमध्ये कळायचा मार्गच नाही. त्यासाठी पक्ष्यांच्या पायात किंवा पंखाला नंबर घालून वर्षानुवर्षं तेच पक्षी बघावे लागतात.

मग जाऊच नये का? मी असं म्हणत नाही, मला स्वतःला जायचंय. चांगले गाईड जे नियम लावतात ते वरच्या फिजिऑलॉजीतूनच येतात. अंटार्क्टिकात टूर कंपन्यांच्या संघटनेचा नियम आहे की प्राण्यांपासून किमान ५ मीटर आणि एका वेळी किनाऱ्यावर १०० च्या वर माणसं नाहीत. यात लोकांना ५ मीटर लक्षात राहतात, १०० विसरतात, पण आकडा तोही तितकाच महत्त्वाचा. स्कॉटलंडच्या सेंट अ‍ॅब्ज हेडच्या कड्यावर बील आणि मोनॅगन या संशोधकांनी २००४ मध्ये दाखवलं की किटिवेक (कुरवांचीच एक जात) आणि गिलेमॉट यांची घरटी किती यशस्वी होतात हे माणसं किती जवळ आणि किती *संख्येने* येतात या दोन्हींवर अवलंबून असतं. पक्ष्याच्या हिशोबात आपण शिकार न करणारे शिकारी. म्हणजे गर्दी वाढली की अंतरही वाढवायला हवं, एकच दोरी वर्षभर एकाच जागी बांधून भागत नाही. न्यूझीलंडच्या टायारोआ हेडला रॉयल अल्बट्रॉस बघायचे तर काचेमागून बघावे लागतात, ऑस्ट्रेलियात फिलिप आयलंडच्या छोट्या पेंग्विनचा फोटोच काढू देत नाहीत. लोक कुरकुर करतात, पैसे देऊन आलोय म्हणतात. करू देत.

आणि हो, माणसाचा हात लागला की वासामुळे आई पिल्लू टाकते, हे आपल्याकडे सगळ्यांना लहानपणी सांगितलेलं, ते बहुतेक पक्ष्यांच्या बाबतीत खरं नाही. हात लावायचा नाहीच, पण कारण वास नाही. २०२२ च्या बर्ड फ्लूनंतर तर बूट धुण्यालाही महत्त्व आलं. त्या साथीत इंग्लंडची फार्न बेटं पर्यटकांना बंद झाली आणि स्कॉटलंडच्या बास रॉक या खडकाळ बेटावरच्या वाचलेल्या काही गॅनेटचे निळसर डोळे चक्क काळे झाले.

हे सगळं मी मैत्रिणीला भल्यामोठ्या व्हॉइस मेसेजमध्ये सांगितलं. तिने बहुतेक अर्धाच ऐकला असणार. मग मी तिचा तो व्हिडिओ पुन्हा लावला. पेंग्विनचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असतात, त्यामुळे मॅगेलॅनिक पेंग्विनला समोरच्यावर नजर ठेवायची असली की तो मान डावीकडे-उजवीकडे फिरवत राहतो, एकदा या डोळ्याने, एकदा त्या. संशोधक हेच मोजतात. व्हिडिओत पायवाटेला लागून असलेला पेंग्विन खरंच अर्धे डोळे मिटून बसला होता, तिने झूम त्याच्यावरच केलेलं. पण मागे झुडपाखाली दुसरा एक होता, अर्धा सावलीत, पहिल्यांदा बघताना मलाही दिसला नव्हता. त्याची मान पूर्ण व्हिडिओभर हलत होती, नाही नाही म्हणणाऱ्या माणसासारखी.