‘बँक व्याज आधीच कापून घेते’ : खुलासा

‘गृहकर्जाच्या पहिल्या दहा वर्षांत बँक आपलं व्याज वसूल करून घेते, मग जादा पैसे भरून काय उपयोग?’ सोसायटीच्या कट्ट्यावर हे हमखास ऐकू येतं. निरीक्षण अर्धं बरोबर आहे, निष्कर्ष साफ चुकीचा.

50 लाखांचं कर्ज, 8.5 टक्के व्याज, 20 वर्षं मुदत. हप्ता साधारण 43,391 रुपये. पहिल्या हप्त्यातले 35,417 व्याजातच जातात, मुद्दल फिटते जेमतेम आठ हजार. दहा वर्षांत 52 लाख भरूनही सुमारे 35 लाख बाकी! पोटात गोळा येतो खरा. पण यात लबाडी नाही. व्याज दर महिन्याला फक्त शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला शिल्लकच मोठी असते.

म्हणूनच दहाव्या वर्षाअखेर 5 लाख जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर जवळपास 24 हप्ते कमी होतात, म्हणजे साडेपाच लाखांहून जास्त व्याज वाचतं. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंडही लागत नाही. मात्र ‘हप्ता कमी नको, मुदत कमी करा’ असं बँकेला लेखी सांगा.